निकाल लागलेल्या बांधाचा दावा पुन्हा लावता येतो का?

सभासद बंधू-भगिनींनो,

गळीत हंगामात तोडणीची टोळी फडावर जावी आणि भाऊबंदाने कोर्टाचा कागद दाखवून वाट अडवावी, हे आम्हा शेतकी खात्याच्या लोकांना नवे नाही. जुन्नर-आंबेगावात कुकडी प्रकल्पाचे पाणी आल्यापासून वीतभर बांधही मोलाचा झाला. पण ऊस काही तारखेसाठी थांबत नाही. तोड लांबली की वजन घटते. अशा वेळी "या दाव्यात हरलो तर दुसरा लावू" असे बोलणे कानावर येते. ते खरे नाही.

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम ११ प्रमाणे त्याच पक्षकारांत, त्याच मुद्द्यावर, अधिकार असलेल्या कोर्टाने अंतिम निकाल दिला, की तो मुद्दा पुन्हा उकरता येत नाही. वडील हरले तर त्याच हक्काने मुलालाही नाही. निकाल मान्य नसेल तर मार्ग अपिलाचा. जिल्हा न्यायालयात मुदत ३० दिवस. मात्र निकालानंतर कोणी नव्याने बांध कोरला, तर ते कारण नवे; त्याचा दावा चालतो.

आणखी तीन गोष्टी ध्यानात ठेवा. एक, एकाच कारणातून निघणाऱ्या सर्व मागण्या पहिल्याच दाव्यात करा. सोडलेली मागणी मागाहून करता येत नाही. दोन, कोर्टाची परवानगी न घेता दावा काढून घेतला, तर त्याच कारणाचा दुसरा चालत नाही. तीन, तारखेला वादी गैरहजर व प्रतिवादी हजर राहून दावा निघाला, तर नवा लावता येत नाही. ३० दिवसांत जुनाच पुन्हा चालू करण्याचा अर्ज द्यावा लागतो. "तोड चालू होती" म्हणून तारीख चुकवू नका.

शेतात जायच्या रस्त्याचे काय? जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १४३ खाली तहसीलदार बांधावरून वाट देतात. तो निर्णय मान्य नसेल तर एक वर्षात दिवाणी दावा लावता येतो. पण दावा लावला की महसुली अपील चालत नाही. दोन्ही डगरींवर हात ठेवता येत नाही.

उगाच दाव्यावर दावे लावायची खोड असणाऱ्यासाठी महाराष्ट्रात १९७१ चा खास कायदा आहे. महाधिवक्त्यांच्या अर्जावरून उच्च न्यायालय अशा माणसाला परवानगीशिवाय नवे प्रकरण लावण्यास मनाई करू शकते.

मी काही वकील नव्हे. पण निकालाची नक्कल घेऊन मुदतीत वकिलाला भेटा, एवढे नक्की सांगतो. आणि त्याआधी एकदा भावाच्या ओट्यावर बसून बोलून पाहा. बेण्याचा पैसा कोर्टात घालवू नका.

आपला,
ऊस विकास अधिकारी