काळीपांढरी आहे, म्हणून खरी?

जुनी काळीपांढरी चित्रफीत टीव्हीवर लागली की कुणीतरी हमखास म्हणतं, "ही बघा त्या काळची खरी माणसं!" हे ऐकून ऐकून आता राग येतो. चित्रफीत जुनी असली म्हणजे तीत दिसणारी घटना घडलेलीच असते, असं मुळीच नाही.

तंजावर जिल्ह्यातल्या पापनाशमला जन्मलेल्या के. सुब्रह्मण्यम यांनी १९३९ मध्ये ‘त्यागभूमी’ हा तमिळ चित्रपट काढला. कथा तमिळ लेखक कल्कींची. त्यातले पुजारी शंभू शास्त्री साकारले पापनाशम शिवन यांनी, कर्नाटक संगीतातल्या थोर रचनाकारांनी. शिवन यांच्यावरच्या कार्यक्रमात यातला तुकडा नुसतं त्यांचं नाव देऊन दाखवला, तर चेहरा त्यांचाच असेल. पण ते दुःख, ती याचना शास्त्रीबुवांची आहे. याच चित्रपटात स्वातंत्र्य चळवळीत उतरणारी सावित्रीही एस. डी. सुब्बुलक्ष्मी यांनी वठवलेलं पात्र आहे.

"पण दिसतं तर अगदी खरं!" दिसणारच, त्यासाठीच तर दिग्दर्शक राबतो. जरा नीट पाहा. एकच क्षण समोरून, बाजूने, जवळून आणि लांबून दिसतोय? प्रत्येक वेळी प्रकाश नेमका चेहऱ्यावर आहे? वृत्तचित्रणाला गेलेल्या एकट्या कॅमेरावाल्याला ते जमत नसे. १९१७ च्या रशियन क्रांतीतला हिवाळी राजवाड्यावरचा हल्ला म्हणून जगभर दाखवली गेलेली दृश्यं दिग्दर्शक आयझेनस्टाइनने दहा वर्षांनी ‘ऑक्टोबर’ या चित्रपटासाठी चित्रित केली होती. आपल्याकडेही तेच. ‘राजा हरिश्चंद्र, १९१३’ म्हणून दाखवली जाणारी रिळं फाळक्यांनी १९१७ मध्ये पुन्हा काढलेल्या चित्रपटाची आहेत, असं काही अभ्यासक सांगतात. आणि १९१३ ची तारामती अण्णा साळुंके या पुरुषाने केली होती, हे तरी किती प्रेक्षकांना कुणी सांगतं? तुकड्याखाली चित्रपटाचं नाव आणि साल टाकायला एक ओळ पुरते. ती न टाकणं हा प्रेक्षकावर अन्याय आहे आणि त्या कलावंतावरही.

बाकीचे समज थोडक्यात.

इंग्रजांनी ‘त्यागभूमी’ प्रदर्शितच होऊ दिला नाही? चुकीचं. मद्रास प्रांतात राजाजींचं मंत्रिमंडळ असताना तो प्रदर्शित झाला, चालला. ऑक्टोबर १९३९ मध्ये मंत्रिमंडळाने राजीनामा दिला आणि बंदी आली ती १९४० मध्ये.

शिवन पापनाशमचे? जन्म पोलगमचा, पापनाशम नावाला पुढे चिकटलं.

कमल हासनचा २०१५ चा ‘पापनाशम’ चित्रपट याच तंजावरकडच्या पापनाशमचा? नाही, ते तिरुनेलवेलीकडचं पापनाशम.

चित्रफितीत दिसणारा माणूस तिचा मालक? नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे चित्रपटाचा हक्क मुळात निर्मात्याचा, तोही प्रदर्शनानंतर साठ वर्षांपुरता. कलाकाराचे वेगळे हक्क कायद्यात आले १९९४ च्या दुरुस्तीने.

बंदीमुळे ‘त्यागभूमी’ कायमचा नष्ट झाला? त्याची प्रत पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहे.