अद्भुत जगातील शब्दांचा निनाद

अद्भुतरम्य चित्रपटांतील गुहा, शापित दालने आणि ओसाड नगरे यांत उच्चारलेला शब्द चटकन विरत नाही, बोलणारा निघून गेल्यावरही तो भिंतींना धरून राहतो. पण हे रेंगाळणे ध्वनिमिश्रणाच्या टेबलावर थराथराने घडवावे लागते. आरंभ सहसा ‘ड्राय’ आवाजापासून होतो, म्हणजे ध्वनिशोषक अस्तराच्या खोलीत, मायक्रोफोनच्या अगदी जवळून घेतलेल्या आणि म्हणून जागेची कोणतीही खूण नसलेल्या आवाजापासून. त्याला जागा देताना दोन भिन्न गोष्टी हाताळाव्या लागतात: मूळ आवाजानंतर एक दशांश सेकंदाहून उशिरा परतणारा आणि वेगळा ओळखू येणारा तो प्रतिध्वनी, आणि असंख्य परावर्तने एकमेकांत मिसळून मागे उरणारी सलग गुंज म्हणजे निनाद. केवळ प्रतिध्वनीवर विसंबलेले, ‘थांबा, थांबा, थांबा’ अशी स्वच्छ आवृत्ती करणारे मिश्रण हलक्या दर्जाचे वाटते, कारण खडबडीत खडक शब्द विखरून परत करतो आणि लांबच्या प्रवासात त्यातील उंच स्वर हवा आधी शोषून घेते, म्हणून खरी गुहा शब्दाची केवळ मंद होत जाणारी, काळवंडलेली सावली परत देते.

ही सावली मिळवण्याचा जुना मार्ग म्हणजे मुद्रित आवाज खऱ्या जागेत लाउडस्पीकरवर वाजवून तेथेच पुन्हा मुद्रित करणे. ध्वनिरचनाकार वॉल्टर मर्च यांनी ‘अमेरिकन ग्राफिटी’ (1973) या चित्रपटात हे तंत्र मुक्तपणे वापरले आणि त्याला ‘वर्ल्डायझिंग’ असे नाव दिले. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या ध्वनिपरिणामांसाठीही वेलिंग्टनच्या राइट्स हिलवरील, दुसऱ्या महायुद्धातील तोफांच्या तळाच्या भुयारांत मुद्रण झाले होते, काल्पनिक जगाला दगड असा खऱ्या जगातून उसना घ्यावा लागला.

आता जागेपर्यंत आवाज नेण्याऐवजी जागाच टेबलावर आणता येते. रिकाम्या दालनात फुगा फोडून किंवा पिस्तुलाचा कोरा बार काढून त्या जागेचा प्रतिसाद मुद्रित केला जातो, आणि शब्दाचा प्रत्येक सूक्ष्म तुकडा जणू तसाच एक छोटा बार आहे असे मानून संगणक त्या सर्वांच्या निनादांची बेरीज करतो. या गणिताला कन्व्होल्युशन म्हणतात. स्कॉटलंडमधील इंचिनडाउन येथील युद्धकालीन तेलटाकीत 125 हर्ट्झ वारंवारतेचा आवाज शमायला 112 सेकंद लागल्याची नोंद 2014 मध्ये विश्वविक्रम म्हणून झाली. असा प्रतिसाद संवादाला जसाच्या तसा जोडला, तर पुढची कित्येक वाक्ये पहिल्याच वाक्याच्या गाळात बुडतील, म्हणून बोलणे चालू असताना निनाद दाबून ठेवला जातो आणि विराम आला की वर उचलला जातो. शब्द आणि निनादाचा आरंभ यांच्यातील काही मिलिसेकंदांची फट वाढवली की भिंती दूर सरकतात. अनुभवी मिश्रणकार गुहेचा आकार या फटीतूनही ठरवतो.

काय रेंगाळणार, हे मात्र शब्दावरही अवलंबून असते. व्यंजनांची ऊर्जा क्षणिक असते आणि दीर्घ स्वरांची टिकाऊ, त्यामुळे ‘थांब’ ओठांपाशी मिटतो, तर ‘थांबा’मधला ‘आ’ दालनभर पसरतो. शाप आणि मंत्र लिहिणाऱ्यांनी हे जरूर ध्यानात घ्यावे.

निसर्गाला अशक्य असलेली करामतही याच टेबलावर होते. शब्द उलटा करून त्याला निनाद जोडायचा आणि सगळेच पुन्हा सुलटे करायचे, की निनाद शब्दाच्या आधी ऐकू येतो आणि फुगत फुगत शब्दावर येऊन थांबतो. भुतांच्या वाणीसाठी ती इतकी वापरली गेली आहे की आता तिचे भय उरलेले नाही. बाकी सर्व नियम पाळून हा एकच मोडला, तरच ती अजून अंगावर येते.

परभाषेतील असा चित्रपट हिंदीत किंवा मराठीत डब होतो, तेव्हा संगीत आणि परिणामांचा संवादरहित ट्रॅक सहसा तयार मिळतो, पण मूळ संवादांना चिकटलेला निनाद त्यात नसतो. तो नव्या भाषेतील शब्दांवर पुन्हा पहिल्यापासून चढवावा लागतो, आणि दोन्ही भाषांतील स्वरांची लांबी वेगळी असल्याने मूळ मापे जशीच्या तशी क्वचितच बसतात.