समेट कुणाशी करायचा?

संप कसा करावा हे कामगाराला फारसं शिकवावं लागत नाही. तो मिटवावा कसा, हे मात्र दोन्ही बाजूंना शिकावं लागतं. म्हणून आज आपण दोन संपांकडे बघणार आहोत. एक अहमदाबादचा, दुसरा आपल्या गिरणगावातला.

१९१७ साली अहमदाबादेत प्लेग आला. कामगार शहर सोडून जाऊ नयेत म्हणून गिरणीमालकांनी 'प्लेग बोनस' सुरू केला. साथ ओसरल्यावर त्यांनी तो काढून घेतला. पण महायुद्धामुळे महागाई चढलेलीच होती. मालक वीस टक्के पगारवाढ द्यायला तयार होते. गांधीजींनी हिशेब करून पस्तीस टक्के रास्त ठरवले. २२ फेब्रुवारी १९१८ रोजी टाळेबंदी झाली. मालकांचे पुढारी होते अंबालाल साराभाई, आणि कामगारांच्या बाजूने उभी होती त्यांचीच बहीण, अनसूयाबेन. कामगार डगमगू लागले तेव्हा, १५ मार्चला, गांधीजींनी उपोषण सुरू केलं. १८ मार्चला समेट झाला.

आता हा समेट नीट बघा. पहिल्या दिवशी पस्तीस टक्के वाढ, म्हणजे कामगारांची प्रतिज्ञा पाळली गेली. दुसऱ्या दिवशी वीस टक्के, म्हणजे मालकांचाही शब्द राहिला. तिसऱ्या दिवसापासून साडेसत्तावीस, तेही लवादाचा निकाल लागेपर्यंतच. लवाद कोण? तर दोघांनाही मान्य असलेले आनंदशंकर ध्रुव. पुढे त्यांनी पस्तीस टक्केच ठरवले. म्हणजे रक्कम नंतर ठरली. आधी दोघांनाही मान ताठ ठेवून गिरणीत परत जाता येईल, अशी वाट काढली गेली. उपोषणामुळे मालकांवर दडपण आलं, हा दोष गांधीजींनी स्वतःच पुढे कबूल केला, हेही आपण विसरू नये.

पण दर वेळी गांधीजी कुठून आणणार? म्हणून १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याने हे काम सरकारी समेट अधिकाऱ्याकडे दिलं. तो दोघांना बोलावतो, ऐकून घेतो, सुचवतो; निकाल मात्र देत नाही. युनियन आणि मालक यांनी आपापसांत केलेला करार फक्त सही करणाऱ्या पक्षांना बांधतो. समेट अधिकाऱ्यासमोर झालेला करार मात्र त्या आस्थापनेतल्या सगळ्या कामगारांना लागू होतो. युनियनचे सभासद नसलेले आणि उद्या कामाला लागणारेसुद्धा त्यात आले.

इथेच खरी मेख आहे. सगळ्यांना बांधणारी सही करणारा माणूस सगळ्यांना आपला वाटतो का?

मुंबईच्या गिरण्यांना १९४६ चा मुंबई औद्योगिक संबंध कायदा लागू होता. त्यानुसार कामगारांच्या वतीने बोलण्याचा अधिकार एकाच मान्यताप्राप्त संघटनेला, राष्ट्रीय मिल मजदूर संघाला होता. १८ जानेवारी १९८२ रोजी सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले, ते दत्ता सामंतांच्या मागे. आता गंमत बघा, म्हणजे दुःखाचीच गोष्ट आहे ही: ज्यांच्याकडे सहीचा अधिकार होता त्यांचं कामगार ऐकत नव्हते, आणि कामगार ज्यांचं ऐकत होते त्यांच्याशी बोलायला मालक आणि सरकार तयार नव्हते. मागण्यांमध्ये हा कायदा रद्द करण्याची मागणीही होती, ती यामुळेच. संप वर्षाहून जास्त लांबला, पण तो मागे घेतल्याची रीतसर घोषणा कधी झालीच नाही. हजारो कामगार परत कामावर लागलेच नाहीत. कुणी गावाकडे गेलं, कुणी मिळेल ते काम धरलं.

गिरण्यांच्या अडचणी इतरही होत्या, मान्य. यंत्रं जुनी होती, यंत्रमागांची स्पर्धा होती. पण समेटाला बसायची जागाच उरली नाही, हे नुकसान वेगळं होतं.

तेव्हा आपल्या कारखान्यात, दवाखान्यात किंवा डेपोत उद्या वाद झाला, तर 'किती टक्के?' हा प्रश्न दुसरा. पहिला प्रश्न हा, की समोर बसलेल्या माणसाने सही केली तर उद्या सकाळी पाळीवरची माणसं ती मानतील का? उत्तर 'नाही' असेल, तर आधी ती माणसं ज्यांना मानतात त्यांना टेबलाशी बोलवा. मग आकड्यांचं बघू.