एलियटची ओढ आणि खोडदच्या तबकड्या

मंचरला माझ्याकडे लॅपटॉप दुरुस्तीला घेऊन आलेल्या एका कॉलेजच्या पोराने विचारलं, "दादा, 'मिस्टर रोबॉट'मधलं हॅकिंग खरं असतं का?"

बरंचसं खरं असतं. २०१५ ते २०१९ या काळात आलेल्या या मालिकेत पडद्यावर दिसणाऱ्या कमांड खऱ्या आहेत, मालिकेचा हॅकर नायक एलियट वापरतो ती काली लिनक्स ही ऑपरेटिंग सिस्टिमही खरी.

पण आपल्याला खिळवून ठेवतो तो एलियटचा आतला पीळ. त्याला माणसांशी बोलता येत नाही, म्हणून ओळख झाली की तो त्यांचं खातं फोडून त्यांना जाणून घेतो. पैशाचा मोह नाही, तरी हात थांबत नाही. एलियट साकारणाऱ्या रामी मलिकने हे एकटेपण नुसत्या डोळ्यांतून दाखवलंय. २०१६चा एमी पुरस्कार त्यालाच मिळाला.

हॅकर संस्कृतीची मुळं मात्र चोरीत नाहीत. १९६०च्या आसपास एमआयटीतल्या मॉडेल रेल्वे क्लबची पोरं यंत्रं उघडून, जोडून बघत, ती खरी सुरुवात.

ती वृत्ती बघायला जुन्नर तालुक्यातल्या खोडदला जा. खगोलशास्त्रज्ञ गोविंद स्वरूप यांच्या चमूने तिथल्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीच्या ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्यांना भरीव पत्र्याऐवजी दोरांवर ताणलेली तारेची जाळी बसवली. वारा आरपार जातो, वजन आणि खर्च दोन्ही कमी. मला हे एलियटच्या कुठल्याही करामतीपेक्षा भारी वाटतं!

पोरांनो, दुसऱ्याच्या खात्यात शिरणं हा आयटी कायद्याच्या कलम ६६ खाली गुन्हा आहे, तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. स्वतःच्या जुन्या कॉम्प्युटरवर हवं ते करून बघा.

लिनक्स कुठून सुरू करायचं, काही अडलं तर खाली विचारा.