दोन अज्ञात संख्या आणि एक सारणी



ज्या सरांच्या स्मरणार्थ आपण येथे जमलो आहोत, त्यांच्याजवळ मी बीजगणित शिकलो. त्यांच्या थोरवीविषयी बोलण्यापेक्षा त्यांनी शिकविलेले एक उदाहरण आपणांपुढे मांडावे, हेच त्यांना अधिक रुचले असते.

मी दहावीत असताना शाळेच्या विद्यार्थी भांडाराचा हिशेब माझ्याकडे होता. एकदा भावांचा कागद हरवला. हाती दोन पावत्या होत्या. पहिलीत २ वह्या व ३ पेने, रुपये १६. दुसरीत ४ वह्या व ६ पेने, रुपये ३२. वही पेनापेक्षा महाग असणार असे गृहीत धरून मी वहीला ५ व पेनाला २ रुपये भाव लावला. दोन्ही पावत्या जुळल्या. त्या दिवशी १० वह्या व १० पेने खपली होती. माझ्या हिशेबाने पेटीत ७० रुपये हवे होते, निघाले ६०. विक्रीला बसलेला माझा वर्गमित्र सांगत होता की, वही २ रुपयांना आणि पेन ४ रुपयांना विकले. मी त्याच्यावर विश्वास ठेवला नाही. गणित आपल्या बाजूने आहे, अशी माझी समजूत होती.

सरांनी पावत्या पाहिल्या आणि विचारले, "हे भाव तू काढलेस, की ठरवलेस?" मग मित्राचे भाव घालून पाहावयास सांगितले. ४ + १२ = १६ आणि ८ + २४ = ३२. तेही तंतोतंत जुळले! दुसरी पावती पहिलीचीच दुप्पट होती. तिने नवे काहीच सांगितले नव्हते.

दुसऱ्या दिवशी एका विद्यार्थ्याजवळ तिसरी पावती मिळाली: १ वही, ४ पेने, रुपये १८. वहीचा भाव क्ष व पेनाचा य मानून सरांनी फळ्यावर मांडणी केली:

[ २  ३ ] [ क्ष ] = [ १६ ]
[ १  ४ ] [ य ] = [ १८ ]

अशा चौकटीतील मांडणीस सारणी किंवा मॅट्रिक्स म्हणतात. गुणाकाराची रीत अशी: आडव्या ओळीतील संख्या उभ्या स्तंभातील संख्यांशी क्रमाने गुणाव्यात व बेरीज घ्यावी. म्हणजे २क्ष + ३य = १६ आणि क्ष + ४य = १८ ही आपली नेहमीची समीकरणेच पुन्हा मिळतात.

आता उत्तर काढण्यापूर्वी एक संख्या पाहावयाची. मुख्य कर्णावरील संख्यांच्या गुणाकारातून दुसऱ्या कर्णावरील संख्यांचा गुणाकार वजा करावा: २ × ४ − ३ × १ = ५. हा निश्चयक. तो शून्य नाही, म्हणून उत्तर आहे आणि ते एकच आहे. मग मुख्य कर्णावरील संख्यांची अदलाबदल करावी, उरलेल्या दोहोंची चिन्हे बदलावीत आणि प्रत्येक संख्येस निश्चयकाने भागावे. ही व्यस्त सारणी. तिने दोन्ही बाजूंस डावीकडून गुणावे. डावीकडूनच, कारण सारण्यांच्या गुणाकारात क्रम बदलला की उत्तर बहुधा बदलते.

क्ष = (४ × १६ − ३ × १८) ÷ ५ = १० ÷ ५ = २
य = (−१ × १६ + २ × १८) ÷ ५ = २० ÷ ५ = ४

वही २ रुपये, पेन ४ रुपये. मित्राचा शब्द खरा होता, आणि पेटीतले ६० रुपयेही बरोबर होते.

माझ्या पहिल्या दोन पावत्यांचा निश्चयक काय येतो? २ × ६ − ३ × ४ = ०. शून्याने भागता येत नाही, म्हणून व्यस्त सारणीच नाही. आलेखावर या दोन पावत्यांच्या रेषा एकमेकींवर पडतात. तेव्हा जुळणाऱ्या जोड्या असंख्य. दुसऱ्या पावतीवर ३२ ऐवजी ३३ असते, तर त्या रेषा समांतर झाल्या असत्या आणि एकही जोडी जुळली नसती. निश्चयक शून्य आला की, यांपैकी कोणती स्थिती आहे ते तपासावे. भाव मात्र सांगू नये.

अज्ञात संख्यांचा हा विचार आपल्याकडे जुना आहे. भास्कराचार्यांच्या 'बीजगणित' ग्रंथात अनेक अज्ञातांना यावत्तावत्, कालक, नीलक, पीतक अशी नावे आहेत. 'मॅट्रिक्स' हा शब्द गणितात सिल्व्हेस्टर यांनी १८५० मध्ये आणला आणि केली यांनी १८५८ च्या निबंधात सारण्यांचे बीजगणित उभे केले.

त्या दिवशी सरांनी मला शिक्षा केली नाही. फळा पुसण्यापूर्वी एवढेच म्हणाले, "आता हे उदाहरण त्याला जाऊन समजावून सांग." मी गेलो. उदाहरण समजावून सांगण्याआधी त्याची क्षमा मागितली. त्यानंतर कोणाचाही हिशेब तपासताना मी प्रथम हेच पाहत आलो की, हाती असलेल्या पावत्या खरोखर दोन आहेत, की एकच पावती दोनदा आली आहे.