पानामागचं जग – भाग ७ : सुरळीतलं बिऱ्हाड

काशीत शिंदे घाट मागे टाकून उत्तरेकडे निघालं की संकठा घाट लागतो. आणखी थोडं पुढे नागपूरकरांचा भोसले घाट. सगळीकडे दगडच दगड, तरी पायऱ्यांच्या आणि भिंतींच्या भेगांतून पिंपळ डोकं काढतोच. फाल्गुनाच्या सुमाराला पानं गाळायची आणि लगोलग तांबूस पालवीने नटायचं, हा त्याचा शिरस्ता. अशाच एका रोपट्याचं एक पान कडेने आत वळलेलं दिसलं, कोणीतरी विडी वळावी तसं.

नखाने कड सोडवली. पांढरे बारीक धागे तुटले. आत काळपट विष्ठेचे कण आणि झटकन मागे सरकलेली एक अळी. वड, उंबर, पिंपळ यांच्यावर फायकोडिस या गटातल्या पतंगांच्या अळ्या पानं रेशमाने जोडून राहतात. आपले शेतकरी कपाशीवर किंवा सोयाबीनवर जिला ‘पाने गुंडाळणारी अळी’ म्हणतात, तिचाही उद्योग हाच.

एवढंसं पोर हे पान वाकवतं तरी कसं? ताकदीने नव्हेच. अळीच्या तोंडाखाली रेशमाची तोटी असते. डोकं या कडेला टेकवून धागा चिकटवायचा, मग त्या कडेला, पुन्हा या कडेला. ताणून लावलेला प्रत्येक धागा थोडासा आखडतो. एकाने काहीच होत नाही. अनेक धागे एकत्र ओढू लागले की कड उचलली जाते. मग जवळ आलेल्या कडांमध्ये आणखी आखूड धागे. म्हणूनच बहुतेकींना कोवळी पालवी लागते. जून पान इतकं ऐकत नाही.

विदर्भातल्या वाचकांनी हेच कसब सागावर पाहावं. डच अभ्यासक पीटर क्रेमर यांनी १७७७ साली वर्णन केलेला हिब्लिया प्युरा हा पतंग सागाचा जुना वैरी. त्याची अळी अख्खं पान वळत बसत नाही. कडेला कमानीसारखा काप घेते, एक बाजू बिजागरीसारखी तशीच ठेवते, तुकडा पानावर उलटवते आणि रेशमाने टाचते. झाली खोली! आत ऊन कमी, ओल टिकते, पक्ष्याच्या नजरेलाही पडदा. मोठी झालेली अळी मात्र पानाच्या जाड शिरा तेवढ्या शिल्लक ठेवते. झाड सहसा मरत नाही, नवी पालवी काढतं. पण ती पालवी लाकडाच्या वाढीतून वजा होते. केरळात नीलंबूरच्या तरुण सागवनांत के. एस. एस. नायर आणि सहकाऱ्यांनी हिशेब मांडला, तेव्हा अळीमुळे लाकडाच्या संभाव्य वाढीतली सुमारे ४४ टक्के वाढ बुडत असल्याचं दिसलं.

हिशेब अळीलाही चुकत नाही. रेशीम म्हणजे प्रथिन, खाल्लेल्या पानातूनच कमावलेलं. जे धाग्यात गेलं ते अंगी लागलं नाही. संकठा घाटावर मी कुतूहलापोटी एक सुरळी उलगडली, तेव्हा माझं काहीच गेलं नाही. पिंपळावरच्या त्या भाडेकरणीला मात्र पोटातलं घालून नवं घर बांधणं आलं.

पुढच्या आठवड्यात : सुरळीतून बाहेर पडलेला पतंग अंडी घालायला योग्य झाड ओळखतो कसं?