‘योगविभाग’ या संज्ञेचा अर्थ आणि मर्यादा

पाणिनीय व्याकरणात ‘योग’ म्हणजे सूत्र. मुळातील एकही अक्षर न बदलता एकाच सूत्राची दोन सूत्रे कल्पून नवा अर्थ काढणे, यास ‘योगविभाग’ म्हणतात. उदाहरणार्थ, अष्टाध्यायीतील २.१.४ या सूत्रात ‘सह’ आणि ‘सुपा’ ही दोनच पदे आहेत. ती एकत्र वाचल्यास सुबन्ताचा सुबन्ताशीच समास होतो, एवढेच निष्पन्न होते. पतंजलीने महाभाष्यात ‘सह’ हे स्वतंत्र सूत्र मानले. त्यामुळे ‘अनुव्यचलत्’ यासारख्या वैदिक रूपात तिङन्ताशी झालेला समासही उपपन्न ठरला. तथापि ही मोकळीक अनिर्बंध नव्हे. जे रूप प्रयोगात आधीच मान्य आहे, त्याच्याच सिद्धीसाठी तिचा अवलंब करावयाचा असतो. म्हणून कोणत्याही स्वैर पुनर्व्याख्येस ‘योगविभाग’ म्हणणे सयुक्तिक नव्हे.